पानामागे किती पडते? शाळांच्या प्रिंटर-खरेदीविषयी एक खुले पत्र

प्रति,
जिल्हा परिषदांच्या शिक्षण विभागातील अधिकारी, केंद्रप्रमुख, मुख्याध्यापक आणि शाळा व्यवस्थापन समित्यांचे सदस्य यांस,

विषय : शाळेतील छपाईचा खर्च यंत्राच्या किमतीवरून न मोजता दर पानावरून मोजण्याबाबत.

महोदय / महोदया,

विदर्भातील एका तालुक्याच्या गावी मी अनेक वर्षे झेरॉक्सचे आणि प्रिंटर-दुरुस्तीचे दुकान चालवतो. आमच्याकडच्या शाळा उन्हामुळे राज्यातील इतर शाळांपेक्षा उशिरा, जूनच्या अखेरीस उघडतात, आणि त्या उघडल्या की दोन-चार दिवसांतच माझ्या दुकानाच्या ओट्यावर प्रिंटरांची रांग लागते. कोणी मोटारसायकलच्या मागच्या सीटवर जुन्या चादरीत गुंडाळून बांधून आणलेला असतो, कोणी एसटीत मांडीवर घेऊन आलेले असतात. तक्रार सगळ्यांची एकच असते : सुटीआधी चांगला चालत होता, आता पान कोरेच बाहेर येते. दीड-दोन महिने पत्र्याच्या बंद खोलीत पडून राहिल्यामुळे शाई हेडच्या, म्हणजे कागदावर शाई सोडणाऱ्या भागाच्या, बारीक छिद्रांतच वाळून बसलेली असते. मी ते हेड सोडवण्याचा प्रयत्न करतो. कधी जमते, कधी जमत नाही. नाही जमले की गुरुजी विचारतात, "नवीन कार्ट्रिज केवढ्याला पडेल?" मी किंमत सांगतो. ते क्षणभर गप्प राहतात आणि मग खिशातले पाकीट काढतात. ते पाकीट शाळेचे नसते, त्यांचे स्वतःचे असते, आणि त्यांचे ते पैसे वाचावेत म्हणूनच मी हे पत्र लिहायला बसलो आहे.

आधीच सांगून टाकतो की या विषयात माझा स्वार्थ आहे, पण तो उलट्या बाजूचा आहे. शाळेने चुकीचा प्रिंटर घेतला की कार्ट्रिज माझ्याकडून जाते, दुरुस्ती माझ्याकडे येते आणि यंत्र बंद पडल्यावर झेरॉक्सही माझ्याच दुकानात निघते. तेव्हा पुढे जे लिहिले आहे त्याने माझा गल्ला वाढणार नाही, हे लक्षात घेऊन ते वाचावे.

शाळेसाठी प्रिंटर घ्यायचा ठरला की रीतीप्रमाणे तीन दरपत्रके मागवली जातात, त्यांचा तुलनात्मक तक्ता तयार होतो, त्यावर सह्या होतात आणि ज्याचा दर सर्वांत कमी त्याला पुरवठ्याचा आदेश जातो. लेखापरीक्षणाच्या दृष्टीने यात काही खोट नाही. अडचण एवढीच आहे की या तक्त्यात यंत्राच्या किमतीचा रकाना असतो आणि शाईचा नसतो. त्यामुळे दरवेळी सर्वांत स्वस्त, म्हणजे लहान कार्ट्रिजचा प्रिंटर निवडला जातो. यंत्र स्वस्तात द्यायचे आणि कमाई शाईवर करायची हा या व्यवसायाचा जुना हिशोब आहे. तो लपवलेला नाही, फक्त आपल्या तक्त्यात त्याला जागा नाही.

आता प्रत्यक्ष आकड्यांकडे येऊ. खालील दर आमच्या बाजारातले, आणि तेही ढोबळ आहेत. तुमच्या गावी ते थोडे वर-खाली असतील, पण हिशोबाची रीत तीच राहील. समजा, सत्तर-ऐंशी पटाची एक शाळा आहे आणि तिथे महिन्याला सरासरी २५० पाने छापली जातात. यात चाचण्यांच्या प्रश्नपत्रिका, प्रगतिपत्रके, बोनाफाइड, पोषण आहाराचे तक्ते, शिष्यवृत्तीचे अर्ज, बैठकांची इतिवृत्ते असे सगळे आले. शाळेचे दहा महिने धरले तर वर्षाला २,५०० आणि चार वर्षांत १०,००० पाने होतात. लहान कार्ट्रिजचा प्रिंटर चार हजारांना येतो. त्याच्या काळ्या कार्ट्रिजच्या खोक्यावर १२० पाने असे लिहिलेले असते आणि ते आठशेच्या आसपास पडते, म्हणजे नुसत्या शाईचेच पानाला साडेसहा रुपयांहून अधिक झाले. चार वर्षांत अशी ८४ कार्ट्रिजे लागतील, त्यांचे ६७,२०० रुपये होतील, आणि यंत्राची किंमत मिळवून हा आकडा ७१,२०० वर जाईल. कागद यात अजून धरलेलाच नाही.

त्याच कामासाठी शाईच्या टाकीचा प्रिंटर बारा हजारांना घेतला, तर त्याची ६५ मिलिलिटरची काळी बाटली चारशेच्या आत-बाहेर मिळते आणि तिच्यावर ४,५०० पाने लिहिलेली असतात. तीन बाटल्यांचे १,२०० रुपये आणि मध्ये एकदा हेडच्या दुरुस्तीचे तीन हजार धरले, तरी चार वर्षांचा खर्च १६,२०० रुपये होतो, म्हणजे पानाला एक रुपया बासष्ट पैसे. काळा-पांढरा लेझर प्रिंटर चौदा हजारांना घेऊन त्याचा टोनर, म्हणजे छपाईच्या कोरड्या पुडीचा डबा, आमच्यासारख्याकडून साडेतीनशे रुपयांत रिफिल करून घेतला आणि दोन-तीन रिफिलनंतर एकदा ड्रम, म्हणजे ती पूड कागदावर उमटवणारा रूळ, बदलला, तर तोही पानाला पावणेदोन रुपयांच्या आसपास बसतो. मूळ कंपनीचा सीलबंद टोनरच वापरायचा असेल, तर हा आकडा बराच चढतो, ही गोष्ट दरपत्रक मागवताना आवर्जून विचारावी. काही नवीन मॉडेलांत टोनरवर चिप असते आणि ती न बदलता रिफिल केलेला टोनर यंत्र स्वीकारत नाही, हेही तेव्हाच विचारून घ्यावे. नव्या लेझर प्रिंटरसोबत येणारा पहिला टोनर बहुधा अर्धा-मुर्धाच भरलेला असतो, म्हणून तो लवकर संपला तर विक्रेत्याशी भांडू नये.

म्हणजे तक्त्यात जो प्रिंटर आठ हजारांनी स्वस्त दिसला, तो चार वर्षांत पंचावन्न हजारांनी महाग पडला. हे आकडे मी एका शाळा व्यवस्थापन समितीच्या बैठकीत फळ्यावर मांडले, तेव्हा मुख्याध्यापकांआधी ते एका आईला कळले. या बाई एका बचत गटात पापड-कुरडया करतात. त्यांनी पहिलाच प्रश्न विचारला, "भाऊ, एका पानामागे किती पडते ते सांगा, मशीनचे नंतर पाहू." शिक्षण हक्क कायद्याने या समितीत तीन-चतुर्थांश पालक असावेत आणि निम्म्या महिला असाव्यात असे ठरवले आहे. खरेदीच्या ठरावावर त्यांची सही घेण्याआधी हाच एक प्रश्न त्यांना विचारू द्यावा, एवढे झाले तरी अर्धे काम होईल.

आता हा खर्च अनुदानाशेजारी ठेवून पाहू. समग्र शिक्षा या शासकीय योजनेच्या निकषांनुसार संयुक्त शाळा अनुदान पटावर ठरते : तीसपर्यंतच्या पटाला वर्षाला १०,००० रुपये, ३१ ते १०० पटाला २५,०००, आणि १०१ ते २५० पटाला ५०,०००. त्यातला किमान दहा टक्के भाग स्वच्छतेवर खर्च करायचा असतो. उरलेल्यात वीजबिल, खडू, नोंदवह्या, किरकोळ डागडुजी आणि बंद पडलेले काय काय बदलणे, हे सगळे बसवायचे असते. वरच्या उदाहरणातल्या शाळेला २५,००० मिळणार, आणि लहान कार्ट्रिजवर २,५०० पाने छापायची तर वर्षाला १६,८०० रुपयांची नुसती शाई लागणार. हे बसत नाही हे उघड आहे. म्हणून एक तर छपाई थांबते, किंवा गुरुजींचे पाकीट उघडते. माझ्या अनुभवात दुसरी गोष्ट अधिक वेळा घडते.

याच्या उलट, दहा-पंधरा पटाच्या वस्तीवरच्या शाळेचा हिशोब मांडला की वेगळेच चित्र दिसते. तिथे महिन्याला तीस पाने निघाली तरी खूप. चार वर्षांत १,२०० पाने होतात. लहान कार्ट्रिजचा प्रिंटर घ्या की टाकीचा घ्या, दोन्हींचा खर्च बारा हजारांच्या घरात, म्हणजे पानाला दहा रुपये येतो. आणि पंधरा-पंधरा दिवस बंद राहिल्याने शाई वाळण्याचा धोका वेगळाच. हीच पाने बाजारात पाच रुपयांनी काढून आणली तरी सहा हजारांत काम भागते. अशा शाळेला माझा प्रामाणिक सल्ला असा की प्रिंटर घेऊच नये. आसपासच्या शाळांचे केंद्र असलेल्या केंद्रशाळेत एक भक्कम लेझर प्रिंटर ठेवावा, केंद्रातल्या लहान शाळांनी आपापल्या फाइली तिथे पाठवाव्यात आणि केंद्रातले शिक्षक जमतात त्या शिक्षण परिषदेच्या दिवशी पाने घेऊन जावीत. दहा शाळांत दहा स्वस्त प्रिंटर वाटण्यापेक्षा हे कितीतरी स्वस्त पडेल. पण दहा प्रिंटर वाटल्याचे छायाचित्र चांगले येते, आणि त्याला माझ्याकडे उत्तर नाही.

छायाचित्रावरून लोकवर्गणीची गोष्ट निघते. २६ जानेवारीला किंवा १५ ऑगस्टला गावातले कोणी तरी मोठ्या मनाने शाळेला प्रिंटर भेट देतात. देणाऱ्याचा हेतू निखळ असतो, पण तो बाजारातला सर्वांत स्वस्त प्रिंटर उचलतो आणि पहिले कार्ट्रिज संपले की त्या दानाचे हप्ते मुख्याध्यापक भरत बसतात. अशी कितीतरी यंत्रे जडवस्तू नोंदवहीत चढून, निर्लेखनाची, म्हणजे नोंदीतून कमी होण्याची, वाट पाहत कपाटावर पडलेली मी पाहिली आहेत. दात्यांना सांगायला संकोच वाटत असेल तर माझ्या नावावर सांगा : शाळेला दहा रीम कागद आणि वर्षभराची शाई द्या, यंत्राचे शाळा पाहून घेईल.

खोक्यावर लिहिलेल्या पानांच्या आकड्याबद्दल शिक्षकांच्या मनात राग असतो. "एकशेवीस लिहिलंय आणि साठातच संपलं, कंपनी फसवते," असे ते म्हणतात. तो आकडा खोटा नसतो, पण आपल्या उपयोगाचाही नसतो. तो आंतरराष्ट्रीय मानकाने ठरवून दिलेल्या चाचणीतून येतो. शाईच्या कार्ट्रिजसाठी आयएसओ-आयईसी २४७११ आणि काळ्या टोनरसाठी १९७५२ हे मानक आहे. त्या चाचणीत ठरलेली पाने जवळजवळ सलग छापली जातात आणि टोनरच्या चाचणीतल्या पानाचा साधारण पाच टक्केच भाग काळा होतो. आपल्याकडे काय होते? दिवसाला दोन पाने निघतात, त्यासाठी प्रिंटर चालू-बंद होतो, आणि शाईचा प्रिंटर सुरू होताना हेड साफ करण्यासाठी थोडी शाई ओढून आतल्या स्पंजात टाकून देतो. त्या शाईने कागदावर एक अक्षरही उमटत नाही. वीज दिवसातून चारदा गेली तर चारदा हा नैवेद्य दाखवावा लागतो. शिवाय चौकटींचे तक्ते, शिरोरेषेची दाट देवनागरी आणि पहिलीच्या पेपरातली हत्ती-घोड्यांची चित्रे, हे सगळे पाच टक्क्यांत बसणारे नव्हेच.

पण पान काळे करण्यात चित्रांहून मोठा वाटा एका वेगळ्याच सवयीचा आहे. परवा एका शाळेतून आलेला कागद माझ्या टेबलावर होता. व्हॉट्सॲपवर आलेल्या परिपत्रकाचा तो फोटो होता, आणि तो तसाच छापलेला होता. मूळ पांढरा कागद छापील प्रतीत राखाडी झालेला, एका कोपऱ्यात फोटो काढणाऱ्याच्या अंगठ्याची सावली, खाली टेबलाच्या लाकडाचे रेघोटे, आणि या सगळ्याच्या मध्ये आठ ओळींचा मजकूर. आठ ओळींसाठी अख्खे पान शाईने सारवले गेले होते. अशा एका पानाला साध्या दहा पानांची शाई सहज लागते. परिपत्रक पाठवणाऱ्यानेच फोटोऐवजी पीडीएफ पाठवावी, हा खरा उपाय. ते होत नसेल तर मोबाइलमधल्या स्कॅनच्या ॲपमध्ये तो फोटो घेऊन काळा-पांढरा करावा, म्हणजे पार्श्वभूमी स्वच्छ पांढरी होते. याला अर्धे मिनिट लागते. छापताना ग्रेस्केलची, म्हणजे बिनरंगी छपाईची, खूण करायला विसरू नये, नाहीतर राखाडी रंग तयार करण्यासाठी यंत्र तिन्ही रंगीत शाया ओतते.

एक्सेलच्या तक्त्यांचीही अशीच कथा आहे. निकालाचा तक्ता छापायला दिला की सर्व विषय पहिल्या पानावर येतात आणि 'शेरा' हा एकटा रकाना दुसऱ्या पानावर जातो. दहा तुकड्यांचे दहा तक्ते असतील तर दहा पानांवर फक्त 'शेरा' असतो. छापण्यापूर्वीचे दृश्य एकदा पाहून, सर्व रकाने एका पानावर बसवण्याचा पर्याय निवडला की हे थांबते.

मंगल फॉन्टबद्दल मात्र मला थोडे सविस्तर लिहायचे आहे, कारण ही फक्त आपल्या लिपीची अडचण आहे आणि इंग्रजी पत्रे लिहिणाऱ्यांच्या ती ध्यानात येत नाही. विंडोजमध्ये युनिकोड मराठी टंकलेखनासाठी बहुतेक कार्यालये मंगल वापरतात. या फॉन्टमध्ये वरच्या-खालच्या मात्रांसाठी इतकी जागा राखलेली आहे की ओळींतले अंतर 'सिंगल' ठेवले तरी दोन ओळींमध्ये भरपूर मोकळी जागा सुटते. वर्डमध्ये परिच्छेदाच्या रचनेत जाऊन ओळींचे अंतर नेमके आकड्यात द्यावे. बारा पॉइंटच्या मजकुराला सतरा-अठरा पॉइंट दिले तरी रुकार-वेलांट्या एकमेकांना अडत नाहीत. एका शाळेचे पाच पानांचे इतिवृत्त मी असे चार पानांत बसवून दाखवले, एकही शब्द न गाळता. कागदाचा हा पाचवा हिस्सा कुणाच्याही परवानगीशिवाय, एकही पैसा न घालता वाचतो.

अक्षर मात्र लहान करू नये. काटकसरीच्या नादात पहिली-दुसरीच्या प्रश्नपत्रिका नऊ पॉइंटात आणि कमी शाईच्या 'ड्राफ्ट' दर्जात छापलेल्या मी पाहिल्या आहेत. पुसट छपाईत घ आणि ध, भ आणि म, ष आणि प यांतला फरक मोठ्या माणसाला संदर्भाने कळतो. नुकतेच वाचायला लागलेल्या मुलाकडे तो संदर्भ नसतो. ते मूल चुकते आणि चूक त्याच्या नावावर लागते. मुलांच्या हातात जाणारे पान ठळक आणि मोठ्या अक्षरात असावे. ड्राफ्ट दर्जा कार्यालयीन स्थळप्रतीसाठी राखून ठेवावा.

आता कागद. ७५ ग्रॅमच्या (म्हणजे ७५ जीएसएम जाडीच्या) ए-४ कागदाचे ५०० पानांचे रीम अडीचशे ते तीनशे रुपयांना पडते, म्हणजे एका कागदाचे पन्नास-साठ पैसे. शाई साडेसहा रुपयांची होती तेव्हा कागदाचे पन्नास पैसे कोणाच्या डोळ्यांत येत नव्हते. टाकीच्या प्रिंटरवर मात्र शाईचे पानाला नऊ पैसे होतात, आणि कागद तिच्या सहापट महाग ठरतो. म्हणजे प्रिंटर बदलला की काटकसरीची जागाही बदलते : कार्ट्रिजवाल्याने शाई सांभाळावी, टाकीवाल्याने आणि रिफिलवाल्याने कागद. कागद वाचवायचा सरळ मार्ग म्हणजे पाठपोट छपाई. यंत्राला आपोआप पान उलटण्याची सोय नसेल तर आधी विषम पाने, मग गठ्ठा उलटून सम पाने, असे हाताने करता येते; एकदा-दोनदा चुकते, मग हात बसतो. यासाठी ७० ग्रॅमचा कागद घेऊ नये, पलीकडची अक्षरे दिसतात. पावसाळ्यात उघडे रीम प्लास्टिकच्या पिशवीत बांधून ठेवावे, कारण दमट कागद अडकतो आणि अडकलेला कागद जोराने ओढण्यात जितके रोलर मोडतात तितके ते झिजून मोडत नाहीत.

येथे शिक्षण विभागाला एक विनंती आहे. पाठपोट छापलेला अहवाल 'नियमाप्रमाणे नाही' म्हणून परत आल्याचे शिक्षक मला सांगतात. देशाच्या सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२० मध्ये परिपत्रक काढून १ एप्रिल २०२० पासून ए-४ कागद आणि दोन्ही बाजूंनी छपाई स्वीकारली आहे. जी पद्धत तिथल्या कामकाजाला चालते, ती पोषण आहाराच्या मासिक अहवालाला चालायला हरकत नसावी. विभागाने एका ओळीचे पत्र काढून तसे स्पष्ट केले तर जिल्ह्यातल्या प्रत्येक शाळेचा अहवालांचा कागद जवळजवळ अर्ध्यावर येईल.

दुसरी विनंती त्याहून मोठी आहे. जी माहिती शाळेने शासनाच्या पोर्टलवर भरली, तिचीच स्वाक्षरी-शिक्क्यासह छापील प्रत मागवली जाते, आणि तीही तीन प्रतींत : एक विभागाची, एक केंद्राची, एक शाळेची. माहिती तंत्रज्ञान कायदा २००० सालचा आहे आणि इलेक्ट्रॉनिक नोंदीला त्याने कायदेशीर मान्यता दिलेली आहे. जिथे स्वाक्षरीची प्रत खरोखरच आवश्यक आहे तिथे ती मागवावी, पण शाळेने पोर्टलवर भरलेले तपशील विभागाच्या पडद्यावर आधीच असताना ते पुन्हा कागदावर मागवण्यात कोणाचे काय साधते, हे एकदा तपासावे. मी लहान असताना आमच्या शाळेत सायक्लोस्टाइलचे यंत्र होते. स्टेन्सिल कापायला गुरुजींना तासभर लागे, हात काळे होत, म्हणून 'हे छापायलाच हवे का' असा प्रश्न आपोआप विचारला जाई. बटणाने तो प्रश्न संपवला. छापलेच नाही ते पान सर्वांत स्वस्त असते, आणि ते न छापण्याचा अधिकार शाळेकडे नाही, विभागाकडे आहे.

यंत्राच्या निगेबद्दल थोडे. शाईचा प्रिंटर नेहमी त्याच्याच बटणाने बंद करावा, मग बोर्डावरचा खटका पाडावा. बटणाने बंद केला की हेड कोपऱ्यात जाऊन झाकणावर बसते आणि छिद्रे झाकली जातात. थेट खटका पाडला तर ते मध्येच उघडे राहते आणि वाळते. शाळेची वेळ संपली की मुख्य खटका पाडणारे जे कोणी असतील, त्यांना हे जवळ उभे राहून दाखवावे. टाकीतली शाई खालच्या रेषेखाली जाऊ देऊ नये, नळीत हवा शिरते. टाकीचा प्रिंटर दुरुस्तीला आणायचा तर आडवा-तिडवा करू नये. एका गुरुजींचा पांढरा सदरा माझ्या दुकानात निळा होऊन गेला आहे. उन्हाळी सुटीत दर आठवड्याला चारही रंगांचे एक पान काढायला गावातल्याच कोणा शिक्षकाला किंवा समितीच्या सदस्याला सांगावे. हे होणार नसेल, आणि बहुतेक ठिकाणी ते होत नाही, तर आमच्यासारख्या उन्हाच्या जिल्ह्यांत रंगाचा मोह सोडून लेझर प्रिंटर घ्यावा, असे माझे मत आहे. टोनर म्हणजे कोरडी पूड. ती दोन महिने पडून राहिली तरी वाळायचा प्रश्न येत नाही. लेझरचा एक दोष सांगितला पाहिजे : पूड कागदावर वितळवून बसवण्यासाठी तो बरीच वीज एकदम ओढतो, म्हणून लहान इन्व्हर्टरवर तो चालवू नये. जिथे दिवसचे दिवस वीज नसते, तिथे टाकीचाच प्रिंटर बरा.

शेवटी, हे सगळे खरे ठरते की नाही हे पाहायला माझ्या शब्दावर विसंबण्याची गरज नाही. बहुतेक प्रिंटरांमध्ये आजवर किती पाने छापली याचा आकडा असतो. चाचणी-पान किंवा स्थिती-पान काढले की तो छापून येतो. दर महिन्याच्या एक तारखेला तो आकडा एका वहीत लिहावा, त्याच्या शेजारी त्या महिन्यात शाई, कागद आणि दुरुस्तीवर झालेला खर्च लिहावा, आणि गुरुजींनी स्वतःच्या खिशातून घातलेले पैसेही न लाजता त्यातच लिहावेत. सहा महिन्यांत आपल्या शाळेच्या पानाची खरी किंमत समोर येईल, आणि ती माझ्या आकड्यांपेक्षा वेगळी असेल तर तीच खरी मानावी.

म्हणून आपणा सर्वांना विनंती अशी की पुढच्या वेळी प्रिंटरची दरपत्रके मागवताना विक्रेत्यांना तीन गोष्टी लेखी द्यायला सांगाव्यात : शाईच्या किंवा टोनरच्या एका नगाची किंमत, त्यावर लिहिलेली पाने, आणि वॉरंटी किती वर्षांची व किती पानांपर्यंतची आहे. टाकीच्या प्रिंटरांना बहुधा दोन्ही मर्यादा असतात आणि जी आधी संपेल ती लागू होते. पहिल्या आकड्याला दुसऱ्याने भागून येणारी रक्कम तुलनात्मक तक्त्यात यंत्राच्या किमतीशेजारी नव्या रकान्यात लिहावी, चार वर्षांच्या पानांनी गुणावी, त्यात यंत्राची किंमत मिळवावी, आणि मग सर्वांत कमी दर कोणाचा ते ठरवावे. सर्वांत कमी दराचाच नियम राहील, फक्त तो दर पूर्ण लिहिलेला असेल. ज्या समितीला हा तक्ता करताना अडचण वाटेल तिने दरपत्रके घेऊन माझ्या दुकानात यावे. बुधवारी आठवडी बाजार असल्याने गर्दी असते, इतर कोणत्याही दिवशी दुपारी मी मोकळा असतो.

कळावे,

आपला नम्र,
एक प्रिंटर-दुरुस्ती करणारा